भोसले, वामन

भोसले, वामन : (१९३२–२६ एप्रिल २०२१). हिंदी चित्रपटसृष्टीतील एक अग्रगण्य संकलक. जन्म गोव्यातील बारदेश भागातील पोंबुर्पा या गावी. १९५२ मध्ये नोकरीच्या शोधात ते मुंबईस आले व बाँबे टॉकीज या चित्रपटसंस्थेत संकलक डी. एन. पै यांच्या हाताखाली उमेदवारी करू लागले. पुढे सुमारे बारा वर्षे फिल्मिस्तान या संस्थेत त्यांनी साहाय्यक संकलक म्हणून काम केले. राज खोसला दिग्दर्शित ‘दो रास्ते’ (१९६९) या चित्रपटाने त्यांना स्वतंत्र संकलक म्हणून संधी दिली. तेथून पुढील तीन दशकांत, बहुधा सहकारी गुरुदत्त शिराली यांच्या जोडीने, त्यांनी दोनशेहून अधिक चित्रपटांचे संकलन केले. ‘इनकार’ (१९७७) या चित्रपटाच्या संकलनासाठी राष्ट्रीय पुरस्कार व ‘सौदागर’ (१९९१) साठी फिल्मफेअर पुरस्कार त्यांना लाभला. (जोडीदार शिराली यांच्या नावामुळे ‘प्यासा’चे दिग्दर्शक गुरुदत्त यांच्याशी होणारा घोटाळा टाळावयास हवा. त्या गुरुदत्तांच्या चित्रपटांचे संकलक वाय. जी. चव्हाण हे होते.)

संकलकाच्या कर्तृत्वाचे मोजमाप करणे अवघड असते. नटाचा चेहरा, छायाचित्रकाराचा प्रकाश, संगीतकाराची चाल या गोष्टी पडद्यावर प्रत्यक्ष उपस्थित असतात. संकलकाचे काम मात्र बऱ्याच अंशी पडद्यावर नसलेल्या गोष्टींत असते. त्याने काय वगळले, कोठे थांबला, एखादा चेहरा आणखी अर्धा सेकंद का ठेवला, हे प्रेक्षकास दिसत नाही व दिसू नये अशीच अपेक्षा असते. वगळलेले तुकडे काही महिन्यांनी नष्ट होतात आणि त्यांच्याबरोबर कामाचा पुरावाही नाहीसा होतो. त्यामुळे चित्रपटाच्या इतिहासात संकलकाचा उल्लेख श्रेयनामावलीपुरता येतो, आणि संकलनाचे यश सामान्यतः दिग्दर्शकाच्या खाती जमा होते. भोसले यांची कारकीर्द समजून घ्यावयाची, तर त्या काळी हे काम कसे चालत असे ते प्रथम पाहिले पाहिजे.

रत्नागिरी जिल्ह्यातील मालगुंडपासून गोव्यातील बारदेशपर्यंतच्या किनारपट्टीवर मिळवत्या वयाच्या मुलाने मुंबईस जाणे ही त्या काळी घरोघरची रीत होती. गिरणी, गोदी, छापखाना, सरकारी कचेरी ही त्यांची नेहमीची ठिकाणे. त्यांत चित्रपटसंस्थांची भर पडली ती बोलपटांनंतर. गोव्याच्या माणसांना या व्यवसायाची एक वाट आधीच मळलेली होती, ती वाद्यवृंदाची. चर्चच्या शाळांतून पाश्चात्त्य स्वरलिपी शिकलेले अँथनी गोन्साल्विस, सेबॅस्टियन डिसूझा यांच्यासारखे वादक व संयोजक हिंदी चित्रपटसंगीताचे आधारस्तंभ ठरले. संकलनाला अशी कोणतीही शाळा नव्हती. पोर्तुगीज अमलाखालील गोव्यातून आलेल्या विशीतील तरुणास ते शिकावयाचे, तर एखाद्या जाणत्या संकलकाच्या टेबलाशी उभे राहूनच शिकावे लागे.

भोसले ज्या बाँबे टॉकीजमध्ये दाखल झाले, तिचे वैभव तेव्हा ओसरले होते. हिमांशू रॉय व देविका राणी यांनी १९३४ मध्ये मालाड येथे स्थापन केलेल्या या संस्थेत जर्मन तंत्रज्ञांच्या देखरेखीखाली कामाची शिस्त घडली होती. १९४० मध्ये रॉय निधन पावले आणि १९४३ मध्ये शशधर मुखर्जी, अशोककुमार प्रभृती मंडळी बाहेर पडून त्यांनी गोरेगाव येथे फिल्मिस्तानची उभारणी केली. मूळ संस्था १९५० नंतर काही वर्षांतच बंद पडली. भोसले यांचा प्रवास याच क्रमाने झाला. आधी मालाड, मग गोरेगाव. ज्यांच्याकडे त्यांनी पहिले धडे घेतले त्या पै यांचे नाव पुढे ‘पाकीझा’ (१९७२) या दीर्घकाळ रखडलेल्या चित्रपटाचे संकलक म्हणून सर्वज्ञात झाले. फिल्मिस्तानमध्ये त्या काळी ‘अनारकली’ (१९५३), ‘नागिन’ (१९५४), ‘जागृती’ (१९५४), ‘तुमसा नहीं देखा’ (१९५७) असे परस्परांहून सर्वस्वी वेगळ्या जातीचे चित्रपट निघत होते. ऐतिहासिक प्रेमकथा, नृत्यगीतांचा रंजनपट, मुलांचा बोधपट असे सर्व प्रकार एकाच छपराखाली पाहावयास मिळणे ही उमेदवारास मिळालेली मोठी शिदोरी होती.

साहाय्यकाच्या वाट्यास येणारे काम कष्टाचे व अनाम असे. दिवसभराच्या चित्रीकरणाची निगेटिव्ह रसायनशाळेत धुतली जाई व तिच्यावरून छापलेली ‘रश प्रिंट’ संकलनकक्षात येई. ३५ मिमी. फिल्मच्या एका फुटात सोळा चित्रचौकटी असतात आणि सेकंदाला चोवीस चौकटी या वेगाने पडद्यावर मिनिटाला नव्वद फूट फिल्म सरकते. चित्र व ध्वनी वेगवेगळ्या फितींवर असतात. क्लॅपची पाटी मिटल्याची चौकट आणि तिचा आवाज यांची गाठ घालून दोन्ही फिती एका चालीत आणणे हे साहाय्यकाचे पहिले काम. नंतर प्रत्येक तुकड्यावर मेणाच्या पेन्सिलीने खूण करावयाची, तुकडे क्रमवार टांगावयाचे, उरलेल्या चार चौकटीसुद्धा गुंडाळून चिठ्ठी लावून ठेवावयाच्या. मुख्य संकलकाने तीन आठवड्यांनी ‘त्या हसण्याचा शेपटाचा तुकडा’ मागितला, तर तो मिनिटभरात हाती द्यावा लागे. तुकडे आधी फिल्म सिमेंटने सांधत. असा सांधा घालताना एखादी चौकट हमखास खर्ची पडे, म्हणून कात्री लावण्यापूर्वी विचार पुरा झालेला असावा लागे. चिकटपट्टीने सांधण्याची यंत्रे नंतर आली आणि जोड उलगडून पुन्हा घालणे सोपे झाले.

हे सर्व मूव्हिओला या उभ्या यंत्रावर चाले. यंत्र खडखडाट करी, चित्र लहानशा काचेवर दिसे, आणि पायाने दाबावयाच्या पट्टीवर फिल्म थांबविण्याचे वा सोडण्याचे नियंत्रण असे. संकलक एखाद्या ठिकाणी पाय उचलतो, पुन्हा मागे जातो, पुन्हा पाहतो आणि तीन वेळा त्याचा पाय त्याच चौकटीवर थांबला, तर तीच तोडण्याची जागा, अशी त्या पिढीतील परीक्षा होती. संकलनात ‘लय’ म्हणतात ती अशी शरीरात मुरलेली असते. ती पुस्तकातून येत नाही. भोसले यांची बारा वर्षांची साहाय्यकी या दृष्टीने व्यर्थ गेली असे म्हणता येणार नाही, मात्र ती फार लांबली हेही खरे. स्वतंत्र काम हाती आले तेव्हा त्यांचे वय पस्तिशी ओलांडून गेले होते.

मराठी मुलुखात हे काम बोलपटांहूनही जुने आहे. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाच्या वेळी कच्च्या फिल्मला कडेची छिद्रे पाडण्याचे आणि ती धुण्याचे काम घरातच होई व त्यात पत्नी सरस्वतीबाई यांचा प्रत्यक्ष हात होता. प्रभात फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’ (१९३६) चे संकलन ए. आर. शेख यांचे, तर व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) चे चिंतामणी बोरकर यांचे. राज कपूर यांच्या ‘आवारा’ (१९५१) चे संकलक जी. जी. मयेकर होते. हा चित्रपट १९५४ मध्ये रशियन भाषेत ध्वनिमुद्रित होऊन सोव्हिएट संघात प्रदर्शित झाला व सहा कोटींहून अधिक प्रेक्षकांनी तो पाहिला. ज्या देशाने संकलनास चित्रपटकलेचा पाया मानले, त्या देशातील प्रेक्षक मुंबईच्या एका संकलकाने जोडलेला चित्रपट पुनःपुन्हा पाहत होते. मयेकरांचे नाव त्यांतील किती जणांनी वाचले असेल, हा प्रश्न वेगळा.

सोव्हिएट चित्रपटाशी तुलना येथे उपयुक्त ठरते. १९१७ च्या क्रांतीनंतर तेथे कच्च्या फिल्मची तीव्र टंचाई होती. नवे चित्रण करणे अशक्य, म्हणून जुन्या चित्रपटांचे तुकडे नव्याने जोडण्याचे प्रयोग सुरू झाले. लेव्ह कुलेशॉव्ह यांनी नट मोझूखिन याचा एकच निर्विकार चेहरा वेगवेगळ्या दृश्यांशेजारी ठेवला, तेव्हा प्रेक्षकांना त्या चेहऱ्यावर वेगवेगळे भाव दिसले. अर्थ चौकटीत नसून दोन चौकटींच्या जोडात असतो, हे सूत्र त्यातून निघाले. पुदोव्हकिन यांनी जोडांची साखळी मानून, तर आयझेनस्टाइन यांनी जोडांचा संघर्ष मानून त्यावर सिद्धांत रचले. पण त्या सिद्धांतांच्या मागे टेबलाशी बसणारे हात होते, आणि ते पुष्कळदा स्त्रियांचे होते. येलिझावेता स्विलोवा (१९००–७५) या लहान वयातच चित्रपटाच्या रसायनशाळेत कामास लागल्या. पुढे पती झिगा व्हेर्तोव्ह यांच्या चित्रपटांचे संकलन त्यांनी केले. ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ (१९२९) या चित्रपटात संकलन करताना त्या स्वतःच दिसतात. संकलक पडद्यावर येण्याचा हा दुर्मीळ प्रसंग होय. एस्फिर शूब (१८९४–१९५९) यांनी परदेशी चित्रपट सोव्हिएट प्रेक्षकांसाठी पुन्हा जोडण्याच्या कारकुनी वाटणाऱ्या कामापासून आरंभ केला आणि १९२७ मध्ये जुन्या वृत्तचित्रांच्या फितींतून रोमानॉव्ह राजवंशाच्या अस्ताचा चित्रपट उभा केला. त्यात त्यांनी स्वतः घेतलेले चित्रण जवळजवळ नव्हतेच.

पुदोव्हकिन स्वतः नट चेर्कासोव्ह यांच्यासह १९५१ मध्ये भारतात आले होते. जानेवारी १९५२ मध्ये मुंबईत पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला. पोंबुर्प्याचा तरुण त्याच वर्षी मुंबईस आला. या घटनांचा परस्परांशी कार्यकारणसंबंध जोडण्याचे कारण नाही. पुदोव्हकिन यांचे विचार भारतात वाचले गेले ते मुख्यतः फिल्म सोसायट्यांच्या वर्तुळात. १९६० मध्ये प्रभातच्या जागेत पुणे येथे चित्रपट शिक्षणसंस्था सुरू झाल्यानंतर ते अभ्यासक्रमात आले. गोरेगावच्या संकलनकक्षात सिद्धांताची भाषा कोणी बोलत नसे. असे असूनही नटाने प्रत्यक्षात न केलेला अभिनय केवळ जोडाने निर्माण करण्याची कुलेशॉव्ह यांची युक्ती तेथील प्रत्येक कुशल संकलक रोज वापरीत होता. दोन नटांच्या तारखा जुळत नाहीत, एकाची वाक्ये मार्चमध्ये व दुसऱ्याची सप्टेंबरमध्ये चित्रित झाली आहेत, तरी त्यांच्यात संभाषण घडले पाहिजे, अशी मुंबईची नित्याची निकड होती. मॉस्कोत जे टंचाईने शिकविले, ते येथे नटांच्या तारखांनी शिकविले.

‘दो रास्ते’ हा चित्रपट चंद्रकांत काकोडकर यांच्या ‘निलांबरी’ या मराठी कादंबरीवर आधारलेला होता. एकत्र कुटुंबाची पडझड ही त्याची मूळ कथा, आणि राजेश खन्ना व मुमताज यांचे गीतांनी भरलेले प्रेमप्रकरण ही तिची जोडकथा. अशा चित्रपटात संकलकापुढील प्रश्न प्रमाणाचा असतो. गाण्यांनी कथा बुडविता कामा नये, आणि वडीलभावाच्या भूमिकेतील बलराज साहनी यांचे सोसणे इतके लांबू नये की पुढचे गाणे विसंगत वाटावे. चित्रपटाने प्रचंड यश मिळविले. खोसला यांनी पुढील अनेक चित्रपट भोसले-शिराली यांच्याकडे सोपविले. ‘मेरा गाँव मेरा देश’ (१९७१) मधील एक नृत्यप्रसंग त्यांच्या हातोटीचा नमुना म्हणून पाहण्यासारखा आहे. नायक खांबाला जखडलेला, समोर नर्तकी, पलीकडे डाकूंचा म्होरक्या. कथेच्या दृष्टीने गाण्याच्या अवधीत फारसे काही घडत नाही. जे घडते ते तिघांच्या नजरांच्या क्रमात, आणि हा क्रम छायाचित्रणाने नव्हे तर संकलनाने ठरविला आहे. तालाच्या समेवर तोडावयाचे की समेच्या किंचित अलीकडे, हा हिंदी चित्रपटातील संकलकाचा जुना वाद. समेवरच तोडत गेल्यास गाणे कवायतीसारखे होते. येथे तोड पुष्कळदा नजर वळण्याच्या क्षणी येते व ठेका तिला मागाहून गाठतो.

गुलजार यांच्या चित्रपटांत भोसले यांच्या कसबाचा खरा कस लागला. त्यांच्या सर्व कामांत हा भाग अधिक टिकाऊ ठरेल असे मानण्यास जागा आहे. ‘कोशिश’ (१९७२) हा मूकबधिर दांपत्याचा चित्रपट. सामान्य चित्रपटात एका पात्राचे वाक्य चालू असताना दुसऱ्याचा चेहरा दाखविता येतो, कारण आवाज जोडावरून वाहत जातो. संकलकाचा तो सर्वांत सोयीचा पूल होय. बोलणारा माणूस हातांनी बोलत असेल, तर हा पूलच नाहीसा होतो. हात चौकटीत असेपर्यंत वाक्य अपुरे असते आणि प्रेक्षकास खूण वाचावयास लागणारा वेळ देऊनच पुढे जावे लागते. संजीवकुमार व जया भादुरी यांच्या अभिनयाचे कौतुक सर्वत्र झाले, ते योग्यच आहे. तो अभिनय वाचता येण्याजोगा राहिला याचे काही श्रेय जोडांच्या या संयमाकडे जाते.

‘अचानक’ (१९७३) मध्ये प्रश्न काळाचा होता. ख्वाजा अहमद अब्बास यांची कथा १९५९ मधील नानावटी खटल्यावरून सुचलेली होती. पत्नी व तिचा प्रियकर यांची हत्या केलेला एक लष्करी अधिकारी पळताना जखमी होतो. डॉक्टर त्याला मरणाच्या दारातून परत आणतात, ते फासावर जाण्यासाठीच. या चित्रपटात एकही गाणे नाही व लांबीही नेहमीच्या हिंदी चित्रपटाच्या जवळजवळ निम्मी. रुग्णालयातील वर्तमान आणि हत्येपूर्वीचा भूतकाळ यांत कथा येजा करते. त्या काळी भूतकाळात जाताना चित्र अंधुक करणे, पाण्यावरील तरंगांसारखे हलविणे, पात्राचा चेहरा वर वळविणे असे संकेत रूढ होते. ‘अचानक’ मध्ये ते पुष्कळ अंशी टाळून थेट तोडीने काळ बदलला आहे. प्रेक्षक गोंधळेल ही भीती निर्मात्यांना नेहमी असे. तो गोंधळला नाही, कारण तोडीच्या दोन्ही बाजूंस हालचाल वा आवाज यांचा काही ना काही दुवा ठेवलेला आहे.

‘आँधी’ व ‘मौसम’ (दोन्ही १९७५) यांत हेच कसब मृदू झाले. ‘आँधी’ मध्ये राजकारणात शिरलेली पत्नी व हॉटेलचा व्यवस्थापक असलेला पती अनेक वर्षांनी भेटतात. ‘मौसम’ मध्ये वृद्धत्वाकडे झुकलेला डॉक्टर आपल्या तारुण्याच्या गावी परततो. दोन्हीकडे संजीवकुमार आणि दोन्हीकडे आठवण हीच कथा. येथे तोड जाणवली तर सारे फसते. आठवण मनात हळूहळू येते, म्हणून जोडही उशिरा, पात्राच्या चेहऱ्यावर थोडा वेळ रेंगाळून येतो. सुचित्रा सेन यांची व्यक्तिरेखा पंतप्रधान इंदिरा गांधी यांच्यावर बेतल्याच्या समजुतीमुळे ‘आँधी’ वर आणीबाणीत बंदी आली व १९७७ मध्ये सत्तांतरानंतर तो पुन्हा प्रदर्शित झाला. संकलकाच्या कात्रीखेरीज आणखी एक कात्री चित्रपटावर टांगलेली असते, हे त्या वर्षांत सर्वांनाच कळून चुकले. त्याच सुमारास एम. एस. शिंदे यांनी संकलित केलेल्या ‘शोले’ (१९७५) चा शेवट सेन्सॉरच्या आग्रहामुळे नव्याने चित्रित करून जोडावा लागला. त्या वर्षीच्या फिल्मफेअर पुरस्कारांत ‘शोले’ स मिळालेला एकमेव पुरस्कार शिंदे यांच्या संकलनाचा होता, हीही नोंद घेण्याजोगी गोष्ट आहे.

राज एन. सिप्पी दिग्दर्शित ‘इनकार’ हा अकिरा कुरोसावा यांच्या ‘हाय अँड लो’ (१९६३) या जपानी चित्रपटाचा हिंदी अवतार. त्या चित्रपटाचे मूळ पुन्हा एड मॅकबेन यांच्या अमेरिकन कादंबरीत. श्रीमंत उद्योगपतीच्या मुलाऐवजी चुकून नोकराचे मूल पळविले जाते आणि खंडणी द्यावी की नाही हा प्रश्न उभा राहतो. उद्योगपतीची भूमिका श्रीराम लागू यांची, तपासणाऱ्या अधिकाऱ्याची विनोद खन्ना यांची, गुन्हेगाराची अमजद खान यांची. कुरोसावा यांनी पूर्वार्ध जवळजवळ एकाच दिवाणखान्यात, लांबलचक अखंड दृश्यांत घडविला होता. मुंबईच्या प्रेक्षकासमोर ते शक्य नव्हते. ‘इनकार’ मध्ये तो ताण छोट्या तुकड्यांत विभागला गेला आहे. दूरध्वनीची घंटा, ऐकणारे चेहरे, वाट पाहणे आणि पुढे तपास व पाठलाग. गती वाढविणे याचा अर्थ तुकडे आखूड करणे असा सरसकट घेतला जातो. येथे मात्र वाट पाहण्याच्या जागा मुद्दाम लांब ठेवल्या आहेत, म्हणून पाठलाग वेगवान भासतो. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार १९५४ पासून दिले जात असले, तरी पहिली सुमारे वीस वर्षे त्यांत संकलनाचा स्वतंत्र पुरस्कार नव्हता. तो सुरू झाल्यावर अगदी आरंभीच्या मानकऱ्यांत ‘इनकार’ चा समावेश झाला. एका व्यावसायिक थरारपटास तो मिळाला, यातून परीक्षकांनी विषयाच्या गांभीर्यापेक्षा कामाकडे पाहिले असे म्हणावे लागते.

सुभाष घई यांच्याबरोबरचे काम हे तिसरे पर्व. ‘कालीचरण’ (१९७६), ‘कर्ज’ (१९८०), ‘हीरो’ (१९८३), ‘राम लखन’ (१९८९), ‘सौदागर’ व ‘खलनायक’ (१९९३) हे चित्रपट मोठ्या पटाचे, अनेक नटांचे, गीतांनी लादलेले. त्यांत ‘कर्ज’ विशेष उल्लेखनीय. पूर्वजन्मीची आठवण एका धुनेने जागी होते, म्हणून आठवणीचे क्षणार्धाचे तुकडे संगीताच्या मध्येच घुसवावे लागले. ‘अचानक’ मध्ये नाट्य म्हणून वापरलेली थेट तोड येथे लोकप्रिय रंजनाचे साधन झाली. उरलेल्या चित्रपटांत संकलन सफाईदार असले, तरी बहुतेक वेळा ते लांबी आटोक्यात ठेवण्याची कसरत आहे. एकाच वेळी अनेक चित्रपटांचे काम हाती असणाऱ्या मुंबईच्या संकलकाकडून प्रत्येक ठिकाणी ‘कोशिश’ ची अपेक्षा करणे अन्यायाचे होईल. भोसले यांच्या दोनशेहून अधिक चित्रपटांत आज कोणाच्या स्मरणात नसलेले चित्रपटही पुष्कळ आहेत, आणि त्यांचेही तुकडे तितक्याच काळजीने क्रमवार टांगले गेले होते.

याच काळात व्यवसायाचे स्वरूप पालटत होते. मूव्हिओलाच्या जागी स्टीनबेक ही आडव्या तबकड्यांची, आवाज न करणारी यंत्रे आली. पुण्याच्या संस्थेतून शिक्षित संकलकांची पिढी मुंबईत उतरली. तीत रेणू सलुजा (१९५२–२०००) यांचे नाव ठळक. ‘परिंदा’ (१९८९) या चित्रपटासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ही पिढी सोव्हिएट चित्रपट वर्गात पाहून व त्यांचे जोड मोजून आली होती. उमेदवारीतून आलेल्या व शाळेतून आलेल्या संकलकांत काही काळ परस्परांविषयी संशय होता, पण तो फार टिकला नाही. कारण टेबलाशी बसल्यावर दोघांपुढील प्रश्न एकच होता. १९९० नंतर संगणकावरील संकलन मुंबईत रुळले आणि फितीचे तुकडे, मेणाची पेन्सिल, चिकटपट्टी ही सामग्री हळूहळू अडगळीत गेली. संगणकावर कोणताही जोड क्षणात उलगडता येतो व वगळलेला तुकडा नष्ट होत नाही. एका अर्थाने संकलकाच्या विचाराचा मागोवा ठेवणे आता शक्य झाले आहे. भोसले यांच्या पिढीच्या बाबतीत ती सोय नव्हती. ‘आँधी’ तून काय गळले आणि ‘अचानक’ चा पहिला जोड कसा होता, हे सांगणारी फीत उरलेली नाही. या व्यवसायातील साहाय्यकांची नावे तर श्रेयनामावलीतही क्वचितच सापडतात.

विक्रम भट्ट दिग्दर्शित ‘गुलाम’ (१९९८) हा भोसले यांच्या उत्तरकालीन चित्रपटांपैकी एक. धावत्या लोकलगाडीसमोर रुळांवरून गाडीच्या दिशेने धावत जाणारा नायक हा त्यातील प्रसंग विशेष गाजला. गाडीची गती, धावणाऱ्याची गती आणि पाहणाऱ्या मित्रांचे चेहरे यांची ती गुंफण साठीच्या मध्यावर पोहोचलेल्या संकलकाची आहे. वयाच्या एकोणनव्वदाव्या वर्षी मुंबई येथे त्यांचे निधन झाले.